जखम हाताची, नोंद मज्जातंतूची

ग्रामीण रुग्णालयाच्या अपघात कक्षात हाताला मार लागून येणाऱ्यांची ये-जा नेहमीच असते. कोणाचा हात विळ्याने कापलेला असतो, कोणाचा मळणी यंत्रात सापडलेला असतो, तर कोणी फुटलेल्या काचेवर पडलेला असतो. रक्तस्राव थांबविला जातो, जखम धुऊन टाके घातले जातात, धनुर्वाताची लस टोचली जाते आणि केसपेपरवर 'उजव्या हाताला कापल्याची जखम, सहा टाके' एवढी नोंद होते. ही नोंद खोटी नसते. परंतु पुष्कळदा ती अपुरी असते. जखमेखालून जाणारा मज्जातंतू तुटला होता की शाबूत होता, याचा तीत उल्लेख नसतो. टाके निघतात, कातडी मिळून येते आणि महिना-दोन महिन्यांनी त्या माणसाच्या ध्यानात येते की करंगळीला स्पर्श कळत नाही, बोटे फाकत नाहीत आणि मुठीत धरलेला कोयता निसटतो. तोवर उपचारांचा उत्तम काळ हातचा गेलेला असतो.

रुग्णालयातील नोंद तेथेच थांबत नाही. अभिलेख विभागात तिचे रूपांतर एका संकेतांकात होते. हा संकेतांक म्हणजे रोगाचे किंवा इजेचे सर्व देशांत सारखेच असणारे नाव होय. त्यावरून जिल्ह्याची, राज्याची आणि देशाची आकडेवारी तयार होते. मात्र केसपेपरवर जे लिहिलेले नाही, ते संकेतांकात कोठून येणार? वैद्याने न तपासलेला मज्जातंतू आकडेवारीतही उतरत नाही. कोपर ते मनगट या वीतभर भागातील मज्जातंतूंच्या इजांवरून ही गोष्ट फार स्पष्टपणे दिसते.

तीन मज्जातंतू आणि त्यांची कामे

कोपरापासून मनगटापर्यंतच्या भागाला शरीरशास्त्रात अग्रबाहू म्हणतात. या भागातून तीन मुख्य मज्जातंतू खाली पंजाकडे जातात. वैद्यकीय व्यवहारात त्यांची अल्नर, मीडियन आणि रेडियल हीच नावे रूढ आहेत.

अल्नर मज्जातंतू कोपराच्या आतल्या बाजूस, हाडामागील खोबणीतून अगदी कातडीलगत जातो. कोपर कशावर आपटले की करंगळीपर्यंत झिणझिण्या जातात, त्या याच्यामुळे. करंगळी व अनामिकेचा अर्धा भाग यांची संवेदना त्याच्याकडे असते. बोटे फाकविणे व पुन्हा जुळविणे हे पंजातील लहान स्नायूंचे कामही त्याच्याच आज्ञेने चालते. मीडियन मज्जातंतू अग्रबाहूच्या मधून जातो. अंगठा, तर्जनी, मध्यमा आणि अनामिकेचा उरलेला अर्धा भाग यांची तळहाताकडील संवेदना तो वाहतो. अंगठा इतर बोटांसमोर आणून चिमटीत वस्तू धरणे त्याच्यावर अवलंबून असते. सुईत दोरा ओवणारी स्त्री, लेखणी धरणारा विद्यार्थी आणि भाताची रोपे लावणारा शेतमजूर हे सर्व मीडियन मज्जातंतूचे ऋणी आहेत. रेडियल मज्जातंतू कोपराजवळ दोन शाखांत विभागतो. एक शाखा अंगठ्यामागील हाताच्या पाठीवरची संवेदना वाहते, तर दुसरी खोल शाखा बोटे सरळ करणाऱ्या स्नायूंना चालना देते.

हे तीन मज्जातंतू शाबूत आहेत किंवा नाहीत, हे पाहण्यास कोणतेही यंत्र लागत नाही. करंगळीच्या, तर्जनीच्या आणि अंगठ्यामागील कातडीला हलकेच स्पर्श करून रुग्णास तो कळतो का, हे विचारावे. बोटे फाकविण्यास, अंगठा व तर्जनी यांच्या टोकांनी गोल वाटोळे करण्यास आणि सर्व बोटे ताठ करण्यास सांगावे. अंगठा आणि तर्जनीची कड यांच्यामध्ये कागद धरावयास लावून तो ओढून पाहावा. अल्नर दुबळा असेल तर कागद राखण्यासाठी रुग्ण नकळत अंगठ्याचे टोक वाकवितो. ही सारी तपासणी दोन-तीन मिनिटांत होते. तिच्यासाठी एकच पथ्य कसोशीने पाळावे लागते. जागा बधिर करण्याचे इंजेक्शन देण्यापूर्वीच संवेदना तपासली पाहिजे, कारण औषधाने बधिर झालेल्या हाताला संवेदना विचारणे व्यर्थ होय.

वर्गीकरणाची परंपरा

रोगांची व मृत्यूच्या कारणांची शिस्तवार यादी असावी, हा विचार एकोणिसाव्या शतकात युरोपात बळावला. इंग्लंडमधील विल्यम फार यांनी १८५५ मध्ये सांख्यिकी परिषदेपुढे मांडलेल्या रचनेत बाह्य आघाताने होणाऱ्या विकारांचा स्वतंत्र गट होता. पुढे १८९३ मध्ये फ्रान्सचे जाक बर्तियाँ यांची मृत्यूच्या कारणांची यादी शिकागो येथे मान्य झाली आणि आजच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचा पाया घातला गेला. जागतिक आरोग्य संघटनेच्या स्थापनेनंतर १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत मृत्यूच्या कारणांबरोबर जिवंत रुग्णांच्या व्याधींचाही समावेश झाला.

प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने नवव्या व दहाव्या आवृत्तीतील फरक विशेष महत्त्वाचा आहे. नवव्या आवृत्तीत इजांची मांडणी इजेच्या प्रकारावरून होती. सर्व अस्थिभंग एकत्र, सर्व उघड्या जखमा एकत्र आणि खांद्यापासून पंजापर्यंतच्या मज्जातंतूंच्या इजा ९५५ या एकाच क्रमांकाखाली. दहावी आवृत्ती १९९० मध्ये मान्य होऊन १९९४ पासून वापरात आली. तिने ही मांडणी उलटी केली. प्रथम शरीराचा भाग आणि मग त्या भागातील इजेचा प्रकार, असा क्रम तिने स्वीकारला. मज्जातंतू कोठे तुटला, हा प्रश्न त्यामुळे संकेतांकातच येऊन बसला.

'एस ५४' कसा वाचावा

दहाव्या आवृत्तीत शरीराच्या एकाच भागास झालेल्या इजांसाठी 'एस' हे अक्षर आहे. त्यापुढील पहिला अंक शरीराचा भाग सांगतो : ४ म्हणजे खांदा व दंड, ५ म्हणजे कोपर व अग्रबाहू, ६ म्हणजे मनगट व पंजा. दुसरा अंक इजेचे स्वरूप सांगतो : १ उघडी जखम, २ अस्थिभंग, ४ मज्जातंतू, ५ रक्तवाहिनी, ६ स्नायू व कंडरा, ७ चिरडणे, ८ अवयव तुटून जाणे. म्हणजे एस ५४ हा क्रमांक 'कोपर-अग्रबाहू भागातील मज्जातंतूंची इजा' असा सरळ वाचता येतो. पाढा एकदा उमगला की क्रमांक पाठ करावे लागत नाहीत.

दशांशचिन्हानंतरचा अंक मज्जातंतूचे नाव देतो. एस ५४.० अल्नर, एस ५४.१ मीडियन, एस ५४.२ रेडियल, एस ५४.३ कातडीची संवेदना वाहणारे तंतू, एस ५४.७ एकाहून अधिक मज्जातंतू, एस ५४.८ इतर आणि एस ५४.९ अनिर्दिष्ट. दंडाच्या एस ४४ आणि मनगटाच्या एस ६४ या गटांतही ०, १ व २ हे अंक याच तीन मज्जातंतूंसाठी राखले आहेत.

याच ठिकाणी एक खाच आहे. केसपेपरवर नुसतेच 'अल्नर मज्जातंतूची इजा' असे लिहिले आणि पातळी सांगितली नाही, तर नियमानुसार ती एस ५४.० मध्येच जाते. मीडियन व रेडियलचेही तसेच. मनगटाजवळ काचेने कापलेला आणि दंडाचे हाड मोडून दुखावलेला, असे दोन्ही मज्जातंतू केवळ पातळी न लिहिल्यामुळे अग्रबाहूच्या खात्यावर जमा होऊ शकतात. या गटातील आकड्यांत खरोखर अग्रबाहूच्या इजा किती आणि अर्धवट लिहिलेल्या नोंदी किती, हे मग सांगता येत नाही.

रेडियल मज्जातंतूच्या बाबतीत ही चूक विशेष संभवते. मनगट लुळे पडून पंजा खाली लोंबू लागला की रेडियलची इजा ओळखता येते. परंतु ही इजा बहुधा दंडाच्या हाडाभोवती, म्हणजे कोपराच्या पुष्कळ वर झालेली असते आणि तिचा योग्य क्रमांक एस ४४.२ हा आहे. अग्रबाहूच्या वरच्या भागात केवळ खोल शाखा दुखावली तर मनगट उचलता येते. फक्त बोटे सरळ होत नाहीत. लहान मुले पडल्यावर अग्रबाहूतील एक हाड वरच्या भागात मोडते आणि दुसऱ्याचे डोके कोपराच्या सांध्यातून निखळते, असा एक अस्थिभंग असतो. त्यात ही शाखा दुखावण्याचा संभव असतो. अशा मुलाच्या नोंदीत अस्थिभंगाचा एस ५२.० आणि मज्जातंतूचा एस ५४.२ असे दोन्ही क्रमांक हवेत. प्लास्टर घातलेला विद्यार्थी शाळेत परत आल्यावर त्याची बोटे उघडत नाहीत, असे शिक्षकाच्या दृष्टीस पडले तर पालकांना लगेच सांगणे इष्ट होय.

'हात' या शब्दाची अडचण

मराठीत 'हात' हा शब्द खांद्यापासून बोटांच्या टोकापर्यंत कशालाही चालतो. 'हाताला लागले' असे रुग्ण सांगतो, तसेच पंचनाम्यात उतरते आणि कधीकधी तेच केसपेपरवरही येते. संकेतांक देणाऱ्यापुढे मग पेच पडतो. दंड म्हणावा तर एस ४, अग्रबाहू म्हणावा तर एस ५, पंजा म्हणावा तर एस ६. काहीच ठरविता येत नसेल तर 'पातळी अनिर्दिष्ट' असा टी ११ हा गट उरतो. वास्तविक दंड, कोपर, मनगट, पंजा असे नेमके शब्द आपल्या भाषेत घरोघर वापरात आहेत. 'कोपराखाली चार बोटांवर, आतल्या बाजूस' एवढे लिहिले तरी संकेतांक देणाऱ्याचे काम निम्मे होते. 'अनिर्दिष्ट' हा शब्द दप्तराला सोयीचा असला, तरी रुग्णाला तो कधीच सोयीचा नसतो.

पातळीवर एवढा भर देण्याचे कारण केवळ हिशेबाची टापटीप नव्हे. तुटलेला मज्जातंतू जोडल्यावर तो वरून खाली वाढत जातो आणि ही वाढ दिवसाला सुमारे एक मिलिमीटर असते. मनगटाजवळ तुटलेल्या तंतूला पंजातील स्नायूंपर्यंत आठ-दहा सेंटिमीटर अंतर कापावयाचे असते. त्याला साधारण तीन महिने लागतात. कोपराजवळ तुटलेल्या तंतूला पंचवीस-तीस सेंटिमीटरचा प्रवास असतो. म्हणजे आठ ते दहा महिने. इकडे चालना न मिळालेले स्नायू झिजत असतात आणि एक ते दीड वर्षानंतर मज्जातंतू येऊन पोहोचला तरी ते जागे होत नाहीत. जोडणीस सहा महिने उशीर झाला, तर मनगटाजवळच्या इजेत अजून आशा उरते; कोपराजवळच्या इजेत ती जवळजवळ संपते. धारदार शस्त्राने स्वच्छ कापलेला मज्जातंतू काही दिवसांतच जोडावा, असे शल्यचिकित्सक म्हणतात ते याच हिशेबामुळे.

नवशिक्यांना चकविणारी एक गोष्ट येथे सांगण्यासारखी आहे. अल्नर मनगटाजवळ तुटला तर करंगळी व अनामिका पंजासारखी अधिक वाकलेली दिसतात. कोपराजवळ, म्हणजे अधिक गंभीर ठिकाणी तुटला तर वाकडेपणा कमी दिसतो. वरच्या इजेत बोटे वाकविणारा स्नायूही लुळा पडलेला असतो, म्हणून असे होते. हात कमी वाकडा दिसतो म्हणून इजा सौम्य, असा समज करून घेणे धोक्याचे आहे.

इजा कशाने झाली ?

इजेचे स्वरूप सांगणाऱ्या क्रमांकाबरोबर ती कशाने झाली, हे सांगणारा दुसरा क्रमांक देण्याची सोय वर्गीकरणात आहे. पंचायतीच्या कारभाऱ्यांना खरे तर हाच क्रमांक अधिक उपयोगी आहे. मळणी यंत्रासारख्या शेतीच्या यंत्राने झालेली इजा डब्ल्यू ३० मध्ये, धारदार काचेने झालेली डब्ल्यू २५ मध्ये, चाकू-सुऱ्याने अपघाताने झालेली डब्ल्यू २६ मध्ये आणि यंत्राविना हाताने चालवावयाच्या अवजारांनी झालेली डब्ल्यू २७ मध्ये नोंदली जाते. कोणी धारदार वस्तूने हल्ला केला असेल तर क्रमांक बदलून एक्स ९९ होतो. जागेसाठी आणखी एक अंक आहे : ० घर, २ शाळा किंवा सार्वजनिक संस्था, ६ कारखाना वा बांधकाम, ७ शेत. डब्ल्यू ३०.७ म्हणजे शेतीच्या यंत्राने शेतात झालेला अपघात.

एखाद्या तालुक्यात सुगीच्या महिन्यांत हे दोन क्रमांक, एस ५४ आणि डब्ल्यू ३०.७, वारंवार जोडीने दिसू लागले, तर मळणी यंत्राच्या तोंडाशी पुरेशी लांब व झाकलेली पन्हळ आहे काय, रात्री उजेडाची सोय आहे काय, सैल बाह्यांचे कपडे घालून काम चालते काय, याची चौकशी करण्यास आधार मिळतो. केवळ 'हाताला जखम' या नोंदींचे कितीही गठ्ठे साठले तरी हा आधार मिळत नाही.

मृत्यूच्या नोंदीत या दोन क्रमांकांचा मान बदलतो. जिवंत रुग्णाच्या बाबतीत इजेचे स्वरूप मुख्य आणि बाह्य कारण पूरक असते. इजेने मृत्यू आला असेल तर मूळ कारण म्हणून बाह्य कारणाचीच गणना होते. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ अन्वये द्यावयाच्या वैद्यकीय प्रमाणपत्रात 'अपघात' एवढेच न लिहिता तो कसा झाला, हे लिहिणे म्हणूनच आवश्यक ठरते.

इजा नव्हे, आजार

वाकडी बोटे आणि बधिर करंगळी दिसली की ती इजाच असते, असे नाही. कुष्ठरोगात सर्वाधिक ग्रासला जाणारा मज्जातंतू अल्नरच आहे. कोपराजवळ तो जाड होऊन बोटांनी चाचपता येतो. त्याचा संकेतांक ए ३० या गटात शोधावयाचा असतो. कोपर सतत टेकून काम केल्याने किंवा अन्य कारणाने अल्नर दाबला गेला असेल तर जी ५६.२ हा क्रमांक आहे. मनगटाच्या बोगद्यात मीडियन दाबला गेल्यास जी ५६.०. केसपेपरवर जखमेचा इतिहास नसताना एस ५४ हा क्रमांक घालणे म्हणजे कुष्ठरुग्णाला औषधोपचारांपासून दूर ठेवणे होय. महाराष्ट्रात कुष्ठरोगाचे नवे रुग्ण आजही आढळतात आणि वेळीच सापडलेल्या रुग्णाचा हात औषधांनी वाचू शकतो. त्यामुळे या फरकाचे मोल मोठे आहे.

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ मध्ये दिव्यांगत्वाचे २१ प्रकार नमूद आहेत. कुष्ठरोगातून बरी झालेली व्यक्ती आणि अन्य अस्थिव्यंग असलेली व्यक्ती यांची नोंद त्यांत स्वतंत्रपणे होते. दोघांचे हात सारखेच दिसले तरी मूळ निदान प्रमाणपत्रात नेमके यावे लागते.

संकेतांकाच्या मर्यादा

संकेतांकाकडून अवाजवी अपेक्षा ठेवणेही बरोबर नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इंग्लंडमधील शल्यचिकित्सक हर्बर्ट सेडन यांनी मज्जातंतूंच्या इजांचे तीन प्रकार सांगितले. पहिल्यात तंतू शाबूत असून वहन तेवढे थांबलेले असते आणि काही आठवड्यांत हात पूर्ववत होतो. दुसऱ्यात आतील धागे तुटतात, पण वेष्टन टिकून राहते. तेथे वाढ आपोआप, पण सावकाश होते. तिसऱ्यात मज्जातंतू पूर्ण तुटतो आणि शस्त्रक्रियेवाचून गत्यंतर नसते. एस ५४.० हा क्रमांक या तिन्ही रुग्णांना सारखाच मिळतो. तीव्रता केसपेपरवर शब्दांतच लिहावी लागते. शासकीय आरोग्य योजनांत शस्त्रक्रियांसाठी जे क्रमांक असतात, ते उपचारांचे क्रमांक होत. निदानाच्या क्रमांकाशी त्यांची गल्लत होऊ नये.

इजा उजव्या हाताची की डाव्या, हेही दहाव्या आवृत्तीच्या मूळ क्रमांकात नाही. अमेरिकेने आपल्या देशापुरती या आवृत्तीची विस्तारित प्रत केली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती अमलात आणली. तीत पाचव्या स्थानी १ असल्यास उजवा आणि २ असल्यास डावा हात समजावयाचा. शेवटच्या स्थानी 'ए' असल्यास इजेवर सक्रिय उपचार चालू आहेत, 'डी' असल्यास पुढील देखरेख चालू आहे आणि 'एस' असल्यास इजेचा मागे राहिलेला परिणाम, असा अर्थ होतो. अकरावी आवृत्ती जागतिक आरोग्य सभेने २०१९ मध्ये स्वीकारली आणि ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. तीत डावी-उजवी बाजू मूळ क्रमांकाला जोडण्याची सोय सर्वच देशांसाठी करण्यात आली आहे.

जुन्या इजेसाठी दहाव्या आवृत्तीत टी ९२.४ हा निराळा क्रमांक आहे. इजा होऊन एक वर्ष किंवा अधिक काळ लोटल्यावरही हातात राहिलेली उणीव त्याखाली येते. कोयत्याच्या जखमेला दोन वर्षे झाल्यावर दिव्यांगत्वाच्या प्रमाणपत्रासाठी आलेल्या ऊसतोड कामगाराची नोंद येथे व्हावयाची असते. त्याची मूळ इजा कोणत्या मज्जातंतूची आणि कोणत्या पातळीवरची होती, हे मंडळापुढील वैद्यांना पहिल्या दिवसाच्या केसपेपरवरूनच पाहावे लागते. तो कागद रुग्णाने जपून ठेवावा, असे टाके घालतानाच त्याला सांगितलेले बरे.